उलट्या बाजूचे दोनशे मीटर

पत्र :

काका, आमचं गाव कणकवली आणि कुडाळच्या मध्ये, घर हायवेपासून हाकेच्या अंतरावर. माझे घरवाले पहाटे लुनावरून बंदरावर जातात, मासळी आणतात आणि गावोगाव फिरून विकतात. लेक अकरावीला आहे, सायकलने जाते, येऊन-जाऊन सात किलोमीटर. रस्ता चौपदरी झाला आणि मधे दुभाजक आला. आमच्या पाणंदीसमोर तो उघडा ठेवलेला नाही. येताना एक कट घराच्या दोनशे मीटर अलीकडे लागतो, दुसरा घर ओलांडून सव्वा किलोमीटर पुढे. म्हणून सगळी वाडी अलीकडच्या कटातून पलीकडे जाते आणि शेवटचे दोनशे मीटर उलट्या बाजूने घरी येते. गेल्या महिन्यात असंच येताना एका गाडीचा आरसा लेकीच्या दंडाला लागला. पडली नाही, पण दंड काळानिळा झाला. तेव्हापासून मला झोप नाही. घरवाल्यांना काही सांगायला गेलं की म्हणतात, “माका शिकव नको, पंचवीस वर्सां गाडी चलवतंय.” लेक म्हणते, सायकल नकोच, स्कूटी दे. काय करू? — एक आई, सिंधुदुर्ग

उत्तर :

ताई,

तुमचं पत्र दोनदा वाचलं आणि दोन्ही वेळा त्या दोनशे मीटरपाशी अडखळलो. आरसा दंडाला लागला म्हणजे बाकीची गाडी अंगापासून वीतभर अंतरावरून गेली. लेक पायांवर उभी आहे हे वाचून जीव भांड्यात पडला. तुमची झोप उडाली ती उगाच नाही. बाकीच्या प्रश्नांकडे येतोच, पण आधी हा तुकडा. तुमच्या घरातली दोन माणसं दिवसभर जेवढा रस्ता तुडवतात, त्यातला सगळ्यात घातक भाग घराच्या तोंडाशी आहे. आणि तिथेच माणूस सैल पडतो, कारण घर दिसायला लागलेलं असतं.

मी बत्तीस वर्षं जड गाड्या चालवल्या, आधी ट्रक आणि मग प्रवासी बस. पनवेलपासून बांद्यापर्यंतचा हा रस्ता १७ नंबर होता तेव्हापासून ओळखतो, आता तो ६६ झाला. तेव्हा एसटीसमोर सायकल आली की आम्ही खालचा गिअर टाकून तिच्या मागे मागे जायचो, कारण पुढे जायला जागाच नसायची. वेगही चाळीस-पन्नासच्या वर जात नसे. रस्ता रुंद झाला, काँक्रीटचा झाला, गाड्या ऐंशी-शंभरने धावू लागल्या. आपण मात्र त्यावर जुन्या रस्त्याच्या सवयी घेऊनच उतरलो. तुमच्या वाडीने चूक केली असं मी म्हणत नाही. ज्याचं घर रस्त्याकडेला आहे त्याच्या पायाखालचा रस्ता बदलला आणि त्याला विचारलं कोणी नाही.

आता हिशोब बघा. ८० च्या वेगाने येणारी गाडी एका सेकंदात २२ मीटर पुढे जाते. घरवाले ३० च्या वेगाने त्याच दिशेने चालले असतील, तर मागची गाडी त्यांच्याजवळ ५० च्या फरकाने येते. मधे १०० मीटर अंतर असेल तर मागच्या ड्रायव्हरला सात सेकंद मिळतात. सात सेकंदांत तो आरसा बघतो, इंडिकेटर देतो, बाजूच्या पट्ट्यात जातो. तेच घरवाले उलट्या बाजूने समोरून आले की दोन वेगांची बेरीज होते, ११०. तेच १०० मीटर सव्वातीन सेकंदांत संपतात. त्यातला पहिला सेकंद ‘अरे, हा इकडून कसा?’ यातच जातो. भरलेला ट्रक ८० वरून उभा करायला कोरड्या रस्त्यावरसुद्धा सत्तर-ऐंशी मीटर लागतात, पावसात त्याहून जास्त. म्हणजे समोरच्याच्या हातात काही उरतच नाही.

“मला समोरची गाडी दिसते, मी बाजूला होईन,” असं उलट्या बाजूने येणारा प्रत्येक जण म्हणतो. पण बाजूला म्हणजे कुठे? एका अंगाला गटार, दुसऱ्या अंगाला गाडी. आणि समोरून दोन गाड्या एकमेकींना ओव्हरटेक करत आल्या तर आतली दिसते, बाहेरची दिसतच नाही. आणखी एक धोका आहे, तो कुणी सांगत नाही. एखाद्या पाणंदीतून किंवा पेट्रोल पंपातून गाडी हायवेवर येते तेव्हा चालवणारा फक्त उजवीकडे बघतो, कारण गाड्या तिकडूनच यायच्या असतात. डावीकडून तुमची लेक येतेय हे त्याच्या ध्यानीमनीही नसतं. तो उजवीकडे बघतच पुढे येतो.

तर करायचं काय? लेकीसाठी उत्तर सोपं आहे. कटातून पलीकडे गेल्यावर सायकलवरून उतरायचं आणि ते दोनशे मीटर सायकल हाताने ढकलत यायचं. रस्त्यावरून नव्हे, साइडपट्टीच्याही बाहेरच्या मातीतून, गटाराच्या कडेने. चालणाऱ्याने समोरून येणारी गाडी दिसेल असं चालावं, हे बरोबरच आहे. पायी असताना ती पटकन थांबते, बाजूला होते, पडली तरी गटारात पडते, चाकाखाली नाही. तीन मिनिटं लागतील. सायकल आपल्या आणि रस्त्याच्या मधे धरायची. त्या बाजूला गवत माजलं असेल तर वाडीतल्या चार जणांनी मिळून कोयती घेऊन एकदा पायवाट मोकळी करा, पावसाळ्यात दोनदा करावी लागेल.

घरवाल्यांनी मात्र पुढच्या कटापर्यंतच जावं. जाऊन-येऊन अडीच किलोमीटर जास्त पडतील, वेळ चार-पाच मिनिटं, पेट्रोल पाचेक रुपयांचं. ते ‘रोजचे पाच रुपये’ म्हणतील, तर म्हणू देत.

पण कटातून वळणं हेही कसब आहे, आणि तिथेही माणसं मरतात. आपल्याकडे मोपेडवाला उजवीकडे वळायचं म्हटलं की शंभर मीटर आधीपासून हळूहळू उजवीकडे सरकत जातो, दुभाजकाला लागून रेंगाळतो, मग वळतो. ती उजवीकडची पट्टी म्हणजे शंभरने धावणाऱ्यांची. मागून येणाऱ्याला वाटतं, पुढचा ओव्हरटेक करून पुन्हा डावीकडे जाईल. तो तर तिथे थांबायच्या बेतात असतो. त्यापेक्षा कटाच्या समोर डाव्या कडेला, रस्त्याच्या पूर्ण बाहेर थांबावं. पाय टेकवून मान वळवून मागे बघावं, नुसतं आरशात नाही. रस्ता मोकळा झाला की सरळ आडवं जाऊन कटात शिरावं, तिथे पुन्हा थांबून दुसरी बाजू बघावी. कटात थांबताना मागचं चाक रस्त्यावर राहता कामा नये. मासळीच्या क्रेटमुळे लुनाची लांबी वाढते, याचं भान असू द्यावं.

लेकीने तर तिथेही उतरूनच जावं. सायकल ढकलत दोन पट्टे ओलांडायला साधारण आठ सेकंद लागतात. तेवढ्यात नव्वदने येणारी गाडी दोनशे मीटर कापते. म्हणजे दोनशे मीटर रस्ता मोकळा दिसल्याशिवाय पाऊल टाकायचं नाही. दोनशे मीटर म्हणजे किती, हे डोळ्यांना शिकवावं लागतं. तुमचं नशीब असं की घर कटापासून बरोबर तेवढ्याच अंतरावर आहे. एक दिवस लेकीला कटावर उभी करा, तुम्ही पाणंदीच्या तोंडाशी उभ्या राहा, आणि तिला सांगा, आई दिसते तिथपर्यंत एकही गाडी नसेल तरच निघायचं. हे अंतर तिच्या डोळ्यांत एकदा बसलं की आयुष्यभर राहील.

आता घरवाल्यांविषयी. पंचवीस वर्षं गाडी चालवणाऱ्याला शब्दांनी सांगून पटत नाही, हे मी माझ्यावरून सांगतो. त्यांना दाखवावं लागेल.

एक पहाट माझ्या डोळ्यांपुढून आजही जात नाही. श्रावण होता, पाऊस बारीक पण सतत. बस घेऊन एका वळणातून बाहेर पडलो, पुढे काळोख, वायपर फिरतोय. दिव्याच्या उजेडात फक्त ओला रस्ता आणि पांढरी पट्टी. अचानक ती पांढरी पट्टी मधेच तुटलेली दिसली. पट्टी तुटते म्हणजे तिच्यावर काहीतरी आहे, एवढंच डोक्यात आलं आणि ब्रेकवर उभा राहिलो. बस थांबली तेव्हा पुढे पाच-सहा हातांवर एक मोपेड होती. मागे दोन क्रेट, त्यावर काळं प्लॅस्टिक बांधलेलं, त्याचं टोक लोंबत मागच्या दिव्यावर आलेलं. दिवा चालू होता, पण प्लॅस्टिकच्या आत. चालवणाऱ्याच्या अंगावर काळा रेनकोट. त्याने वळून पाहिलंसुद्धा नाही, पावसाच्या आवाजात त्याला काही कळलंच नसावं. तो तसाच पुढे गेला. मी कडेला बस लावून पाच मिनिटं बसून राहिलो, हात थरथरत होते.

त्या माणसाचा दिवा चालू होता, ताई. त्याला कुणी विचारलं असतं तर त्याने छातीवर हात ठेवून सांगितलं असतं की माझा दिवा लागतो.

म्हणून आज रात्री एक करा. जेवणं झाल्यावर लुना पहाटेसारखीच तयार करायला सांगा, क्रेट बांधून, वर प्लॅस्टिक घालून. पाणंदीत काळोखात उभी करा, दिवे लावा. मग घरवाल्यांना घेऊन पन्नास-साठ पावलं मागे जा आणि एखाद्या शेजाऱ्याच्या गाडीचा हेडलाइट त्या दिशेने मारायला सांगा. त्यांना आपली लुना मागून कशी दिसते ते त्यांच्याच डोळ्यांनी बघू द्या. तुम्ही काही बोलू नका. माझ्या धाकट्या भावाला मी असंच दाखवलं होतं. तो बराच वेळ गप्प उभा राहिला आणि दुसऱ्या दिवशी न सांगता बाजारातून चमकणारी पट्टी घेऊन आला.

ती पट्टी ट्रकच्या मागे लावतात तीच, उजेड पडला की चमकणारी. मागे लाल, पुढे पांढरी, बाजूंना पिवळी. गाडीला लावून उपयोग नाही, गाडी तर क्रेटच्या आड जाते. क्रेटलाच लावा, तिन्ही अंगांना. खवले आणि खारं पाणी बसून ती मळते, रोज क्रेट धुताना तीही पुसा. मागचा दिवा क्रेटच्या खाली दबत असेल तर मेकॅनिककडून एक जास्तीचा लाल दिवा क्रेटच्या पातळीवर काढून घ्या. प्लॅस्टिक काळं नको, पिवळं किंवा पांढरं घ्या, आणि टोकं आत खोचून दोरीने आवळा. रेनकोटचंही तेच. लेकीच्या सायकलला मागे लाल रिफ्लेक्टर आणि पेडलना पिवळे, एवढं तरी हवंच. पेडलचे रिफ्लेक्टर वरखाली होतात, त्यामुळे लांबूनच कळतं की पुढे सायकल आहे. दप्तरालाही एक पट्टी शिवून टाका.

क्रेटची आणखी एक भानगड असते. बर्फ वितळतो, पाणी तळातून ठिबकतं आणि मागच्या टायरवर पडतं. मासळीचं पाणी बुळबुळीत. टायर स्वतःच्याच पाण्यावर घसरतो आणि चालवणाऱ्याला वाटतं रस्ता खराब होता. तळाची भोकं बुजवा, नाहीतर नळी लावून पाणी चाकाच्या बाहेर सोडा. वजनही सगळं मागे टाकू नये. मागे जड झालं की पुढचं चाक हलकं होतं, हँडल डुलतं, पुढचा ब्रेक नीट धरत नाही. पायांपुढच्या मोकळ्या जागेत बर्फाची पिशवी किंवा जड क्रेट ठेवावा, मागे हलकी मासळी. बांधताना रबराच्या पट्ट्यांवर भरवसा नको, वादीची दोरी घ्या. आणि क्रेट आड येतो म्हणून आरसे काढून ठेवले असतील (बहुतेकांनी काढलेले असतात), तर लांब दांड्याचे आरसे मिळतात, ते बसवा.

काँक्रीटच्या कडेबद्दल तर प्रत्येक सायकलवाल्याला सांगायला हवं. नवा रस्ता आणि शेजारची साइडपट्टी यांत ठिकठिकाणी चार-सहा बोटांचा फरक पडलेला असतो, पावसाने माती खचते आणि काँक्रीटची कड उघडी पडते. मागून मोठा हॉर्न आला की माणूस दचकून खाली उतरतो. ते ठीक. पण तो तसाच चालत्या गाडीने, कडेला समांतर ठेवून, चाक वर चढवायला जातो. चाक कडेला घासतं, चढत नाही, हँडल वळतं पण गाडी वळत नाही, आणि माणूस रस्त्याच्या दिशेने आडवा पडतो, नेमका मागून येणाऱ्या चाकांसमोर. लेकीला सांगा, एकदा खाली उतरलीस की वर जायची घाई नाही. वेग कमी कर, थांब, मागे बघ, मग सायकल उचलून वर ठेव किंवा कडेला काटकोन करून चढव. साइडपट्टी चांगली असेल तर वर जाण्याची गरजही नाही. आणि वर असताना अगदी कडेला चिकटू नका, हातभर आत चाला. त्याने हॉर्न मारला तरी तुमच्याकडे सरकायला जागा राहते.

मोठी गाडी शेजारून जाते तेव्हा तिचा वारा आधी बाहेर ढकलतो आणि ती पुढे गेली की आत ओढतो. मोकळ्या पुलांवर तर बाजूचा वाराही येऊन मिळतो. त्या क्षणी हँडल घट्ट आवळायचं नाही, कोपर थोडे मऊ ठेवून सरळ जायचं. दोन वेळा अनुभवलं की कळतं.

तिठ्यावर किंवा सिग्नलला थांबलेल्या ट्रकच्या डाव्या अंगाने कधीही पुढे घुसायचं नाही, ही एक गोष्ट मात्र दोघांकडून वचन घेऊन ठेवा. मी त्या सीटवर बसलेला माणूस आहे, म्हणून सांगतो. डाव्या दाराला टेकून उभी असलेली सायकल केबिनमधून दिसत नाही, बंपरसमोर उभा असलेला बुटका माणूसही दिसत नाही. लांब ट्रेलर डावीकडे वळतो तेव्हा त्याची पुढची चाकं जिथून गेली तिथून मागची जात नाहीत, ती आतून येतात, कोपरा कापत. त्या कोपऱ्यात सायकल असली तर ड्रायव्हरला धक्कासुद्धा जाणवत नाही. ओळखायची खूण सोपी आहे, त्याच्या आरशात तुम्हाला त्याचा चेहरा दिसत नसेल तर त्यालाही तुम्ही दिसत नाही. मागेच थांबा.

आता दिवसांचं बघू. मासेमारीची बंदी १ जून ते ३१ जुलै, म्हणजे घरवाले नेमक्या मुसळधार पावसाच्या दोन महिन्यांत कमी फिरतात. ऑगस्टमध्ये होड्या सुटल्या की ओल्या रस्त्यावर भरल्या क्रेटनिशी एकदम रोजचं जाणं सुरू, आणि हात मात्र दोन महिने कोरड्यात. पहिले आठ दिवस अर्ध्याच क्रेटवर जावं. ब्रेक दोन्ही मिळून, थोडा आधी, हळू दाबावेत. रस्त्यावरचे पांढरे पट्टे, पुलांच्या सांध्यांवरचं लोखंड, डंपरमधून सांडलेली तांबडी माती, सर्व्हिस रोडवरचं शेवाळ, यांवर ना ब्रेक दाबावा ना वळावं.

तेवढ्यात गणपती येतात. चाकरमानी रात्री मुंबईतून निघतो, साडेचारशे किलोमीटर गाडी चालवत तुमच्या भागात येतो तेव्हा पहाटेचे पाच-सहा वाजलेले असतात. घर एका तासावर आलेलं, पोरं मागे झोपलेली, डोळ्यांवर झापड. आपलाच माणूस तो, त्याच्याशी आपलं वैर नाही. पण नेमक्या त्याच वेळी घरवाले बंदराकडे निघतात. गणपतीच्या आधीचे चार-पाच दिवस आणि परतीचे दिवस, जमेल तिथे सर्व्हिस रोड किंवा आतला गावातला रस्ता धरावा, लांब पडला तरी. आणि झुंजुमुंजू झाल्यावरच हायवेला लागावं. भाव थोडा पडेल, ते मान्य. पण त्या दिवसांत मासळी तशीही कमीच खपते, अर्धी गावं शिवराक (शाकाहारी) असतात.

काळोखात गुरं रस्त्यावर बसलेली असतात हे तुम्हाला मी काय सांगणार. काँक्रीट रात्री उबदार राहतं, म्हणून ती तिथे येतात. त्यांच्यासाठी तरी चाळीसच्या वर जाऊ नये.

लेकीच्या स्कूटीबद्दल माझं उत्तर स्पष्ट ‘नाही’ असं आहे, निदान अठरा पूर्ण होईपर्यंत. सोळाव्या वर्षी लायसन्स मिळतं ते फक्त ५० सीसीपर्यंतच्या बिनगिअरच्या गाडीचं. दुकानात उभ्या असलेल्या नेहमीच्या स्कूटी १०० सीसीच्या वरच्या, आणि तुमच्या घरची नवी मोपेड असेल तर तीही जवळजवळ तेवढीच. अल्पवयीन मुलाच्या हाती गाडी दिली आणि त्याच्या हातून कायदा मोडला गेला तर मोटार वाहन कायद्याच्या २०१९च्या दुरुस्तीनंतर पालकाला २५,००० रुपये दंड आणि तीन वर्षांपर्यंत कैद होऊ शकते, गाडीची नोंदणी १२ महिन्यांसाठी रद्द होते आणि मुलाला पंचवीस वर्षांचं होईपर्यंत लायसन्स मिळत नाही. कुणी सांगेल, छोटी इलेक्ट्रिक घ्या, तिला लायसन्स लागत नाही. खरं आहे, २५० वॅटपर्यंतची आणि २५ च्या वर न जाणारी. पण हायवेवर २५ च्या वेगाने जाणारी गाडी सायकलइतकीच हळू, आणि सायकलसारखी पटकन उचलून बाजूला घेता येत नाही. तिला स्कूटी हवी आहे कारण तिला भीती वाटलीय, हे लक्षात घ्या. भीती गाडी बदलून जाणार नाही, वाट बदलली की जाईल. एखाद्या रविवारी तिच्याबरोबर आतल्या वाटांचा शोध घ्या. बांधावरून, देवळाच्या मागून, नाल्यावरच्या साकवावरून. सात किलोमीटरचे नऊ झाले तरी चालतील, त्यातला हायवे किती कमी झाला ते मोजा.

हेल्मेट दोघांनाही. लुनावर ते कायद्याने सक्तीचं आहे, नसेल तर १,००० रुपये दंड आणि तीन महिने लायसन्स निलंबित. पण दंडासाठी घातलेलं हेल्मेट कोपरात लटकतं. आयएसआयची खूण बघून घ्या, टोपीसारखं वाटीचं नको. घामाचा त्रास होतो तर आत पातळ सुती फडकं बांधावं, रोज धुवावं. हनुवटीखालचा पट्टा न लावलेलं हेल्मेट डोक्याच्या आधी पडतं. सायकलवाल्यांना सक्ती नाही, तरी लेकीला सायकलचं हलकं हेल्मेट घ्या. वर्गातली मुलं पहिले आठ दिवस हसतील. सासूबाई मागे बसत असतील तर छत्री उघडून बसू देऊ नका, आणि लुगड्याचा काष्टा असो वा पदर, आत खोचलेला असू दे.

एवढं सगळं तुम्ही घरी केलंत तरी दुभाजक तिथेच राहणार. म्हणून शेवटचं काम वाडीने मिळून करायचं आहे. येत्या ग्रामसभेत ठराव मांडा. ‘आम्हाला त्रास होतो’ एवढं लिहून भागत नाही. जवळच्या किलोमीटरच्या खांबावरचा आकडा, दोन्ही कटांमधलं मोजलेलं अंतर, सकाळी सात ते नऊ या वेळात किती माणसं, सायकली आणि मोपेडी उलट्या बाजूने येतात त्याची तीन दिवसांची मोजणी, आणि फोटो. मागणी नेमकी करा. नवा कट मागू नका, वेगाच्या रस्त्यावर जास्तीचा कट म्हणजे नवा धोका. पाणंदीपासून अलीकडच्या कटापर्यंतचा सर्व्हिस रोड मागा, दोन्ही बाजूंनी जाता येईल असा, आणि कटावर दिवा. जागा उंचसखल असेल तर अंडरपास मागता येतो. एक प्रत महामार्गाच्या कार्यालयात, एक जिल्हाधिकारी कार्यालयात रस्ता सुरक्षा समितीच्या नावे, आणि दोन्हींवर पोच घेतल्याशिवाय परतू नका. वाडीतल्या पोरांना १०८ आणि ११२ तोंडपाठ असू देत. जखमीला उचलून नेणाऱ्याला कायद्याचं संरक्षण आहे, पोलीस त्याला नाव सांगायचीही सक्ती करू शकत नाहीत, हेही ग्रामसभेत मोठ्याने सांगा. भीतीपोटी माणसं लांब उभी राहतात.

मोजणी मुलांना करू द्या, लेकीला पुढे घाला. आरसा तिच्या दंडाला लागला आहे, ती मन लावून करेल. अर्जाचा मसुदा मला पाठवा, मी बघून देतो.

आणि उद्यापासून थोडे दिवस, तिच्या यायच्या वेळी तुम्ही कटावर जाऊन उभ्या राहा. ती उतरेल, तुम्ही सायकलची दुसरी बाजू धरा, आणि दोघी गवतातून बोलत बोलत घरी या.